ब गटाचे माणिकराव पंच

माणिकराव पंचांच्या घरी खोली बघायला गेले आणि अंगणात पहिलं पाऊल टाकताच कानठळ्या बसतील अशी शिट्टी वाजली. मी जागच्या जागी थिजले. ओट्यावर साठी ओलांडलेले एक गृहस्थ उभे होते. पांढरा शर्ट, पांढरी पँट, पांढरे बूट. त्यांनी एक हात वर केला, दुसऱ्या हाताचं बोट माझ्या पायांकडे रोखलं आणि जाहीर केलं, "चप्पल रेघेच्या आत. बाद!"

मी खाली पाहिलं. अंगणात चुन्याची सरळ रेघ होती आणि माझी डावी चप्पल तिच्यापलीकडे गेली होती.

"मागं जावा, चप्पल काढा, परत या. पहिली चूक धरू न्हाई."

मी मुकाट्याने मागे गेले, चप्पल काढली, परत आले.

"हां. आता बोला म्याडम, खोली पायजे का?"

सोनपेठपासून जीपने अर्ध्या तासावरच्या या गावी माझी बदली झाली होती. शाळेतल्या सगळ्यांनी आधीच सांगितलं होतं, खोली हवेशीर आहे, नळाला पाणी येतं, घरमालक माणूस म्हणून सोन्यासारखा आहे, फक्त शिट्टीचं तेवढं सांभाळून घ्या.

सांभाळून घेण्याजोगं बरंच होतं. त्या अंगणात चपलांची रेघ होती, मोटारसायकलींची रेघ होती, कोंबड्यांचीही होती. दर रविवारी सकाळी माणिकराव भोकाच्या डब्यात चुना भरून या रेघा नव्याने ओढायचे. कोंबड्या रेघ ओलांडत नसत. निदान माणिकराव ओट्यावर असेपर्यंत तरी नाही.

पाटबंधारे खात्यातली नोकरी त्यांनी पोटासाठी केली, पण ते खरे कबड्डीचे पंच. जिल्ह्याच्या स्पर्धेत अ आणि ब असे दोन गट असतात. अ गटात नावाजलेले संघ. त्यांच्याकडे मॅटवर घालायचे बूट असतात, प्रशिक्षक असतो, फोटो काढणारे असतात. ब गटात आमच्यासारखी गावं. ब गट जिंकणारा संघ पुढच्या वर्षी अ गटात जातो, म्हणून त्या फायनलला गावंच्या गावं लोटतात. माणिकरावांनी सगळी हयात ब गटात काढली. एकदा त्यांना अ गटाला बोलावलं, तर एका दिवसात परत आले.

"तिथं खेळणाऱ्यापेक्षा टाळ्या वाजवणारे जास्त," ते मला म्हणाले. "ब गटातला गडी दुपारपातूर कापूस येचतो अन् चार वाजता चढाई करतो. त्याचा फैसला करायला इमान लागतंय म्याडम."

कबड्डीत खेळाडूला ताकीद द्यायची तर पंच हिरवं कार्ड दाखवतो, जास्त झालं तर पिवळं, हाताबाहेर गेलं तर लाल. निवृत्त झाल्यावर माणिकरावांनी ही कार्डं गावासाठी वापरायला काढली. ग्रामसभेत सरपंच लांबण लावायला लागले की दुसऱ्या रांगेतून हिरवं कार्ड वर यायचं. एका लग्नात नवरदेवाचा मामा पहिल्या पंगतीत जेवून हात धुऊन पुन्हा दुसऱ्या पंगतीत बसला, तर त्याला भर मांडवात शिट्टी मारून उठवलं. नळ चालू ठेवल्याबद्दल मला दोन हिरवी मिळाली आहेत. त्यांच्या दिवंगत पत्नीला, गिरजाकाकूंना, उभ्या जन्मात एकदाच पिवळं कार्ड दाखवलं गेलं होतं. काकूंनी ते त्यांच्या हातातून घेऊन चुलीत घातलं आणि भाकरी थापत बसल्या, असं गावात अजून सांगतात.

दोन वाक्यं त्यांच्या तोंडी कायम असत. एक, "माणूस खोटं बोलतो, पाय बोलत न्हाई." आणि दुसरं, "पंचाला नातं नसतंय." पहिलं ते हसत म्हणायचे. दुसरं म्हणताना हसत नसत, हे माझ्या जरा उशिरा लक्षात आलं.

राहायला आल्यावर आठवडाभरातच मला निराळाच त्रास सुरू झाला. संध्याकाळी पाचच्या सुमारास मी गच्चीवर कपडे काढायला गेले की खाली ओट्यावरून माणिकराव ओरडायचे.

"म्याडम! डावा पाय लय पुढं पडायलाय!"

मी दचकून पायाकडे बघायची.

"खाली बघू नका! समोरच्याच्या कंबरंकडं बघा! कंबर फिरली की गडी फिरला!"

समोर माझ्या ओल्या साड्यांखेरीज कुणी नव्हतं.

"अन् श्वास पुरवून वापरा. आल्या आल्या सगळा संपवायलाव तुमी!"

मी एक शब्दही बोललेली नसे. चार दिवस मी हे सोसलं. पाचव्या दिवशी कठड्यापाशी जाऊन पलीकडे वाकून पाहिलं, तेव्हा उलगडा झाला.

माणिकरावांच्या अंगणाच्या एका बाजूला पुरुषभर उंचीची भिंत होती, पण ओट्यावर उभं राहिलं की तिच्यावरून पलीकडचं दिसे. पलीकडे तसंच अंगण, तसाच ओटा. त्या अंगणात सतरा-अठरा वर्षांची एक मुलगी ओढणी कंबरेला बांधून एकटीच चढाईचा सराव करत होती. माणिकराव ओरडले, "म्याडम, डावा पाय!" आणि त्या मुलीने आपला डावा पाय मागे घेतला.

दुसऱ्या दिवशी शाळेत मी सुमनताईंना विचारलं. सुमनताई आमच्या शाळेत खिचडी शिजवतात, आणि भिंतीपलीकडचं घर त्यांचंच.

"ती माझी रूपाली," त्या म्हणाल्या. "अन् माणिकराव माझे भासरे. मालकाचे सख्खे थोरले भाऊ. पर बोलणं न्हाई. सतरा वर्सं झाली."

पातेलं ढवळता ढवळता त्यांनी सगळं सांगितलं.

भगवान, म्हणजे सुमनताईंचा नवरा, हा माणिकरावांचा शेवटचा भाऊ, पंधरा वर्षांनी धाकटा. आई लवकर गेली, म्हणून माणिकराव आणि गिरजाकाकूंनीच त्याला वाढवलं. त्यांना स्वतःचं मूल झालं नाही. कबड्डीही माणिकरावांनीच शिकवली. भगवान असा खेळायला लागला, की त्याच्या जिवावर आमचं गाव पहिल्यांदा ब गटाच्या फायनलला पोचलं. त्या दिवशी नेमलेले पंच आजारी पडले. ऐन वेळी दुसरं कोण मिळणार? समोरचा संघच म्हणाला, माणिकराव उभे राहणार असतील तर आमची काही तक्रार नाही.

शेवटची चढाई भगवानची होती. गाव एका गुणाने मागे. भगवानला समोरच्या तिघांनी धरलं, तर तो तिघांनाही ओढत मधल्या रेषेकडे सरपटत आला आणि हात लांबवला. बोट रेषेला लागलं तर ते तिघे बाद आणि गाव विजयी. नाही लागलं तर भगवान बाद. मातीचं मैदान, उडालेला धुरळा. माणिकरावांनी शिट्टी मारली आणि हात वर केला. भगवान बाद.

"गाव चिडलं. मालक म्हणले, बोट लागलं व्हतं, माझ्या भावानंच माझा गळा कापला. आठ दिवसांत ही भिंत घातली. सवताच्या हातानं. परत कबड्डी खेळले न्हाईत."

"आणि रूपालीला ते भिंतीवरून शिकवतात, ते भगवानरावांना चालतं?"

सुमनताईंनी झाकण ठेवलं. "आमाला तर काय ऐकू येत न्हाई बाई," त्या म्हणाल्या आणि पहिल्यांदाच हसल्या. "ते तर तुमालाच शिकवायलेत म्हणं."

पुढे दीड वर्ष मी गच्चीवर उभी राहून कबड्डी शिकत राहिले. बोनस कसा घ्यायचा, कोपऱ्यातली खेळाडू कधी झेपावते, पकड सुटत नसेल तर अंग कसं सैल सोडायचं, सगळं मला तोंडपाठ झालं. कधी कधी पलीकडच्या ओट्यावर भगवानराव दिसायचे. गावात त्यांची पिठाची गिरणी होती. भुवयांवर पीठ, मांडीवर वर्तमानपत्र. माणिकराव ओरडायला लागले की ते वर्तमानपत्र खाली ठेवायचे, पण भिंतीकडे बघायचे नाहीत.

दिवाळीनंतर महिन्याभराने भगवानराव गेले. सकाळी गिरणीतच छातीत कळ आली. परभणीला नेईपर्यंतही थांबले नाहीत.

त्या दिवशी सगळं गाव एकाच गोष्टीकडे बघत होतं, माणिकराव येतात की नाही. ते आले. भिंतीला वळसा घालून, रस्त्यावरून, एकोणीस वर्षांत पहिल्यांदा त्या अंगणात आले आणि एका कडेला उभे राहिले. तिरडी उचलताना कुणीतरी पुढची जागा मोकळी केली. माणिकरावांनी खांदा दिला. नदीपर्यंत बाकीचे खांदे बदलत गेले, ते मात्र बदलायला तयार झाले नाहीत. कुणी पुढे आलं की नुसती मान हलवायचे.

त्यानंतर शिट्टी थांबली. रविवार आले आणि गेले, चुन्याचा डबा जागचा हलला नाही. रेघा पुसत गेल्या, कोंबड्या ओट्यावर चढून बसायला लागल्या. मी एकदा मुद्दाम चप्पल घालून अंगणभर फिरले. त्यांनी पाहिलं आणि म्हणाले, "जेवलाव का म्याडम?" मला त्या दिवशी फार वाईट वाटलं.

महिना असाच गेला. एका संध्याकाळी मी गच्चीवर असताना भिंतीपलीकडून आवाज आला. रूपालीचा. चांगला खणखणीत.

"म्याडम! तुमचा डावा पाय आजकाल कसा पडायलाय हो?"

मी काही बोलणार, तोच माझ्या ध्यानात आलं की प्रश्न मला नाही. खाली खोलीत माणिकराव खाटेवर पडलेले होते. खाट करकरली. मग दाराशी खोकल्याचा आवाज आला.

"लय पुढं पडत आसंल," घोगऱ्या आवाजात ते म्हणाले. "सराव मोडल्यावर तसंच व्हतंय. मागं घ्या म्हणावं."

"घेतला!" पलीकडून उत्तर आलं.

मुलींच्या ब गटात आमचं गाव त्या साली पहिल्यांदाच उतरलं होतं. संघासोबत एक बाई असावी लागते, म्हणून मला व्यवस्थापक केलं गेलं. माझ्या पिशवीत पाण्याच्या बाटल्या, सेफ्टी पिना आणि मलमाची डबी होती आणि डोक्यात गच्चीवर शिकलेली कबड्डी. मुली एकेक सामना जिंकत गेल्या आणि फेब्रुवारीत पाथरीच्या मैदानावर फायनलला पोचल्या. आम्ही जीपने गेलो. माणिकराव एसटीने आले.

"जागा आहे की जीपमध्ये," मी म्हणाले होते.

"पंचानं खेळाडूसंगं एका गाडीत बसू न्हाई."

"पण काका, तुम्ही आता कुठे पंच आहात?"

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं, की मला तिसरं हिरवं मिळणार असं वाटलं.

समोर गंगाखेडकडचा संघ होता. दणकट पोरी. पहिल्या डावात आम्ही पाच गुणांनी मागे पडलो. दुसऱ्या डावात रूपाली अशी खेळली, की समोरच्या संघाचे पाठीराखेसुद्धा टाळ्या वाजवायला लागले. एकेक गुण भरून काढत शेवटच्या चढाईला आम्ही फक्त एका गुणाने मागे होतो. रूपाली आत गेली. समोर सातही जणी उभ्या. म्हणजे बोनसची संधी. एक पाय बोनसच्या रेषेपलीकडे टाकायचा आणि त्याच क्षणी मागचा पाय जमिनीवरून उचललेला हवा. तेवढं जमलं की एक गुण, बरोबरी, आणि पुढे जादा वेळ.

रूपालीने पाय टाकला, वळली आणि हात उंचावत परत आली. आम्ही सगळे उड्या मारायला लागलो. तरुण पंचाने मान हलवली. मागचा पाय उचललेला नव्हता. बोनस नाही. शिट्टी वाजली. आम्ही हरलो.

मग जे होतं ते झालं. आमच्या गावचे लोक दोरी ओलांडून आत घुसले. रूपालीने त्या पंचाची बाही धरली. "आंधळे हाव का? दिसत न्हाई का तुमाला?" ती किंचाळत होती. तो बिचारा पांढराफटक पडला होता.

गर्दीतून माणिकराव आत आले. त्यांनी रूपालीचं मनगट धरलं, तिला बाहेर काढलं आणि मंडपामागच्या लिंबाखाली घेऊन गेले. मी पाण्याची बाटली घेऊन मागोमाग धावले.

"रूपे, माझ्याकडं बघ." एकोणीस वर्षांत त्या घरातल्या कुणाशी ते भिंतीशिवाय बोललेले नव्हते. "मागचा पाय उचलला व्हतास का?"

"व्हता!"

ते थांबले. "म्या पायाकडंच बघत व्हतो."

रूपालीची मान खाली गेली. "न्हाई," ती पुटपुटली.

"मंग भांडायलीस काहून?"

"सगळेच भांडायले म्हणून." आणि ती एकदम हमसून रडायला लागली. "आबाचं बी असंच झालं व्हतं."

"काय झालं व्हतं?"

"बोट लागलं न्हवतं. च्यार बोटांचं अंतर राहिलं व्हतं रेघंला. दिवाळीत आबांनी सवता सांगितलं मला. उठून बघतो तर सगळं गाव म्हणायलंय, लागलं, लागलं. मंग आबा बी म्हणले, लागलं. एकदा म्हणल्यावर माघार घेता येईना म्हणले. तुमाला सांगावं म्हणून लय येळा भिंतीपातूर आले. मंग लाज वाटायची त्यास्नी."

माणिकराव लिंबाच्या मुळावर बसले. मला वाटलं, इतक्या वर्षांचं ओझं उतरलं असेल. मी म्हणाले, "काका, म्हणजे तुमचा निर्णय बरोबर होता."

त्यांनी बोटाने मातीत एक रेघ ओढली.

"म्याडम, मला दिसलंच न्हवतं."

मैदानावर बक्षिसांसाठी नावं पुकारली जात होती. ते बोलत राहिले, हळू, जमिनीकडे बघत.

"धुरळा उठला व्हता. त्याचा हात कुठं अन् रेघ कुठं, कायबी दिसलं न्हाई. दिसलं न्हाई तर दुसऱ्या पंचाला इचारायचं असतंय. म्या इचारलं न्हाई. त्यानं लागलं म्हणलं असतं तर लोक म्हणले असते, माणिकरावनं भावाला जितवलं. ते ऐकायचं न्हवतं मला. म्हणून बाद दिलं. माझं नाव राखायला. बरोबर निघालं ते नशिबानं." त्यांनी डोळे पुसले. "दुसरा कुणी पोरगा असता तर म्या इचारलं असतं. भगवान व्हता म्हणून न्हाई इचारलं."

रूपाली त्यांच्यासमोर उभी होती, गुडघे खरचटलेले, चेहऱ्यावर माती. मग तिने ओढणीने नाक पुसलं आणि हात पुढे केला.

"मोठे आबा, उठा. गाडी निघायलीय."

ते आमच्यासोबत जीपने आले. गावात पोचलो तेव्हा दिवस मावळत होता. मुली उतरून आपापल्या घरी गेल्या. माणिकराव आपल्या दाराकडे वळले, तर रूपालीने त्यांची पिशवी हातातून काढून घेतली आणि आपल्या घराकडे चालायला लागली. पिशवीमागे तेही गेले, आणि त्यांनी खूण केली म्हणून मीही.

सुमनताई दारात उभ्या होत्या. भासऱ्यांना बघून त्यांनी डोक्यावर पदर ओढला.

"हारलाव का?"

"हारलो," माणिकराव म्हणाले. "एकानं."

"बसा. भाकरी टाकते."

आम्ही चुलीजवळ बसलो. सुमनताईंनी ताटं केली. शेंगदाण्याची चटणी, वरण, गरम भाकरी. माणिकरावांनी तुकडा मोडला आणि तसाच हातात धरून ठेवला.

"सुमन," ते म्हणाले, "त्यानं कधी माझं नाव काढलं का गं? एवढ्या वर्सांत?"

सुमनताई तव्यावरची भाकरी उलटत होत्या. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

"नाव न्हाई काढलं. पर पोरगी खेळायला लागल्यापासून, गिरणीला उशीर झाला अन् घरी आले, की हातपाय धुवायच्या आधी इचारायचे, 'आज तिकडनं काय सांगितलं पोरीला?' ही सगळं सांगायची. मंग जेवायचे."

माणिकराव ऐकत होते. हातातला तुकडा तसाच होता. रूपाली उठली, त्यांच्या ताटातलं वरण निवलं होतं ते काढून घेतलं आणि नवीन गरम वाढलं.

"जेवा, मोठे आबा," ती म्हणाली.